भाजलेल्या थराची साक्ष : संस्पर्शी रूपांतरण आणि दख्खनचा भूइतिहास

कोल्हापुरातील शिवाजी पेठेलगतचा रंकाळा ही मूळची दगडाची खाण होती, असे परंपरा सांगते. तेथील काळा बेसाल्ट सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाप्रवाहांतून घडला. या प्रवाहांखालची माती भाजली. परंतु ‘हॉर्नफेल्स’ हा शिंगासारखा चिवट खडक सहसा घडला नाही. जवळजवळ समान आकाराचे, दिशाहीन आणि परस्परांत गुंतलेले सूक्ष्म स्फटिक हे त्याच्या वयनाचे लक्षण होय. त्यासाठी उष्णता दीर्घकाळ टिकावी लागते. ती भूगर्भात थिजणाऱ्या शिलारसाभोवती टिकते, उघड्यावर निवणाऱ्या प्रवाहाखाली नव्हे. व्ही. एम. गोल्डश्मिट यांनी १९११ मध्ये ओस्लो परिसरातील हॉर्नफेल्सांचे खनिजांनुसार वर्गीकरण केले.

तथापि भाजल्याची साधी खूणही कालक्रम सांगते. नागपूर परिसरात ट्रॅपच्या दोन थरांमध्ये जीवाश्मयुक्त तलावी गाळ आढळतो. स्टीफन हिस्लॉप व रॉबर्ट हंटर यांनी १८५५ च्या निबंधात खालचा ट्रॅप मागाहून गाळाखाली घुसला, असे मानले. तसे असते तर गाळाचा तळही भाजला असता. डब्ल्यू. टी. ब्लॅनफर्ड यांनी १८६७ मध्ये हे प्रवाह भूपृष्ठावर क्रमाने पसरल्याचे प्रतिपादन केले. दोन उद्रेकांमधील विरामात तेथे तळी आणि जीवसृष्टी नांदली, हा त्याचा अर्थ.

मात्र ही साक्ष सावधपणे वाचावी लागते. सह्याद्रीच्या कड्यांतील तांबड्या थरांचा रंग केवळ दाहाचा नसून अपक्षयातून साठलेल्या लोह ऑक्साइडाचाही असतो.