चवदार तळ्याचा दावा

महाडच्या नगरपालिकेने १९२४ साली चवदार तळे अस्पृश्य बांधवांना खुले केल्याचा ठराव केला; परंतु तो कागदावरच राहिला. २० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी अनुयायांसह तळ्याचे पाणी प्राशन केले. त्या दिवशी त्यांच्या लोकांना मारहाण झाली. ऑगस्टमध्ये नगरपालिकेने आपलाच ठराव रद्द केला!

डिसेंबरात काही सवर्ण मंडळींनी दिवाणी कोर्टात दावा लावला. तळे खाजगी आहे आणि अस्पृश्यांना मज्जाव करण्याची वहिवाट पुरातन आहे, असे त्यांचे म्हणणे. तात्पुरता मनाईहुकूम निघाला. हजारो लोक सत्याग्रहासाठी जमले असताही बाबासाहेबांनी तो तहकूब केला आणि दावा नेटाने लढविला. अखेर १७ मार्च १९३७ रोजी मुंबई हायकोर्टाने निकाल दिला : तळे नगरपालिकेचे असून मज्जावाची वहिवाट अनादिकालापासूनची असल्याचे शाबीत होत नाही.

घोटभर पाण्याच्या हक्कासाठी दहा वर्षे लागली. आपल्या ग्रामदेवतेच्या मंदिराचा जीर्णोद्धार करताना ग्रामस्थांनी व देणगीदारांनी हे स्मरणात ठेवावे. गाभारा, सभामंडप आणि पाणवठा सर्वांना सारखाच खुला राहिला, तरच जीर्णोद्धार पूर्ण झाला असे म्हणता येईल.