विडी, शाळा आणि शिकण्याची मजुरी

यंत्र आणि शिक्षण हा विषय निघाला की आपण लगेच पुण्या-बंगळुरूकडे बघतो. आज आपल्याच अंगणात, गोंदियात बघू.

१८८० च्या दशकात नागपूरहून छत्तीसगडकडे जाणारी रेल्वे इथे आली. भोवती तेंदूची जंगलं होती. पानाला, तंबाखूला वाहतूक मिळाली आणि पुढे विडीचा धंदा फोफावला. म्हणजे बघा, यंत्र आलं आणि हातकाम कमी न होता वाढलं! तिकडे अमेरिकेत १८८१ मध्ये बोन्सॅकने सिगारेट वळणाऱ्या यंत्राचं पेटंट घेतलं. ते यंत्र दिवसाला लाखभर सिगारेटी काढी. आपल्याकडची बाई दिवसभर बसून हजारभर विड्या वळते. तरी हात टिकला. का? तर हात स्वस्त होता म्हणून. ही काही अभिमानाची गोष्ट नव्हे.

शाळेचं काय? १९३७ च्या ऑक्टोबरात वर्ध्याला शिक्षण परिषद भरली, झाकिर हुसेन यांची समिती नेमली गेली. सात वर्षांचं शिक्षण, मातृभाषेतून, आणि मधोमध एक हस्तोद्योग, ही नई तालीम. शाळेचाच कारखाना होईल, ही टीकाकारांची भीती खोटी नव्हती. विडीच्या सुपाभोवती बसलेली पोरं आपण पाहिलीच आहेत. पण ‘हात शिकतो तेव्हा डोकंही शिकतं’ हा त्यातला विचार आपण टीकेबरोबरच फेकून दिला.

१९५८ मध्ये विडी उद्योजक मनोहरभाई पटेल यांनी गोंदिया शिक्षण संस्था काढली. विडीच्या पैशातून शाळा-कॉलेजं उभी राहिली, गावोगावची मुलं शिकली. हे ऋण मोठं आहे. पण आम्ही प्राध्यापक मंडळींनी वळणाऱ्या बाईला कधी विद्यार्थिनी मानलं नाही. तिची मुलगी वर्गात आली, ती उंबऱ्याबाहेरच राहिली.

आता मुद्द्याचं. १९६६ च्या विडी कामगार कायद्याने घरी बसून वळणारीलाही कामगार मानलं. वीस दिवस कामामागे एक दिवस पगारी रजाही दिली. रजा विश्रांतीची झाली, शिकण्याची नाही. तिची मजुरी नगावर. दोन तास शिकायला बसली तर तेवढ्या विड्यांचे पैसे गेले. मग ‘नवं कौशल्य शिका’ हा उपदेश तिला कसा परवडावा?

विडी कायम राहावी असं आपण म्हणणार नाही, तंबाखूची धूळ छातीत जाते. पण धंदा आटला तर तो कामगाराच्या फुकट्या वेळेवर आटू नये. शिकण्याचा तास हा कामाचाच तास धरा आणि त्याची मजुरी द्या. शाळेनेही संध्याकाळी दार उघडं ठेवावं. नुसतं यंत्र चालवायला शिकवू नये, हिशेब, हक्क आणि पुन्हा शिकण्याची हिंमत द्यावी.

उद्या आपल्या राइस मिलमध्ये, ऑफिसमध्ये नवं मशीन येईल. तेव्हा पहिला प्रश्न हाच विचारू: शिकण्याच्या दिवसाची मजुरी कोण देणार?