पाण्याचा तोल

विषमज्वरासारख्या रोगांचे जंतू नष्ट व्हावेत म्हणून १९०८ साली अमेरिकेत डॉ. जॉन लील यांनी जर्सी सिटीच्या पाण्यात विरंजक चूर्णाची अल्प मात्रा मिसळावयास आरंभ केला. १९१० मध्ये न्यायासनापुढे ही रीत ग्राह्य ठरली. मधल्या वर्षी, १९०९ मध्ये, कोपनहेगनच्या कार्ल्सबर्ग प्रयोगशाळेत सोरेन्सेन यांनी आम्लता मोजण्यासाठी पीएच हे मान योजिले. औषध एकाने दिले, माप दुसऱ्याने. पोहण्याच्या तलावात दोहोंची गाठ पडते: पीएच ७.५ असता जवळजवळ निम्मा क्लोरीन जंतुनाशक आम्लरूपात राहतो, ८ वर जेमतेम पाव. २०१६ च्या रिओ ऑलिंपिकमध्ये क्लोरीनच्या तलावात ८० लिटर हायड्रोजन पेरॉक्साइड पडले. एका जंतुनाशकाने दुसऱ्याला निष्प्रभ केले आणि पाणी हिरवे झाले. केवळ औषध वाढवून निर्मळता येत नाही. तोल सांभाळावा लागतो.