रेव्हरंड स्टीफन हिस्लॉप : एक शाळामास्तर

वऱ्हाडात महाविद्यालय निघाले ते १९२३ साली, अमरावतीस. तत्पूर्वी मॅट्रिक झालेल्या वऱ्हाडी मुलास पुढील शिक्षणासाठी बहुधा नागपूरची वाट धरावी लागे, आणि तेथे हिस्लॉप कॉलेजचे नाव त्याच्या कानी पडे. ज्या पुरुषाचे हे नाव, त्याचे चरित्र मात्र आपणांपैकी थोड्यांसच ठाऊक असेल. यास्तव हा अल्प परिचय.

स्टीफन हिस्लॉप यांचा जन्म ८ सप्टेंबर १८१७ रोजी स्कॉटलंडमधील डन्स या गावी झाला. ते तेथील फ्री चर्चचे धर्मोपदेशक होते. डिसेंबर १८४४ मध्ये ते मुंबईस उतरले व पुढील वर्षी नागपुरास आले. त्या वेळी तेथे भोसल्यांचे राज्य होते, आणि मुंबईची रेल्वे नागपुरास पोहोचावयास १८६७ साल उजाडावयाचे होते. १८४६ साली त्यांनी शहरात शाळा काढली. याच शिक्षणकार्यातून पुढे, १८८३ साली, त्यांच्या नावाचे महाविद्यालय उभे राहिले.

धर्मप्रसार हा त्यांचा हेतू होता, हे लपविण्याचे कारण नाही. त्याविषयी मतभेद असणारच. परंतु त्यांची जिज्ञासा शाळेच्या चार भिंतींत मावणारी नव्हती. रेव्हरंड हंटर या सहकाऱ्यासह त्यांनी नागपूरच्या आसपासचे खडक धुंडाळले व टाकळीजवळ जीवाश्म शोधून काढले. हिस्लोपाईट या खनिजास त्यांचेच नाव मिळाले.

तथापि त्यांचे थोर कार्य मला निराळेच वाटते. गोंड बांधवांचे शब्द व चालीरीती त्यांनी टिपून ठेवल्या, आणि परधानांनी पिढ्यान्‌पिढ्या मुखोद्गत राखलेले लिंगोचे गीत लिहून घेतले. ज्यांस अक्षरओळख नव्हती, त्यांच्यापुढे हा मास्तर विद्यार्थी होऊन बसला.

४ सप्टेंबर १८६३ रोजी टाकळघाट येथील प्राचीन दगडी वर्तुळे पाहून घोड्यावरून परतताना, बोरी गावाजवळ पूर आलेल्या ओढ्यात ते बुडाले. वयाची ४६ वर्षे पुरी होण्यास ४ दिवस उरले होते. मागे राहिलेली अपुरी टिपणे रिचर्ड टेंपल यांनी १८६६ साली ग्रंथरूपाने प्रसिद्ध केली. माणूस गेला, लिहिलेले तेवढे राहिले.

हे वाचताना मला माझीच लाज वाटते. आमचे घराणे कोणत्या गावाहून कोठे आले, ही सात पिढ्यांची हकीकत माझ्या आजोबांस तोंडपाठ होती. मी जन्मभर मुलांकडून शुद्धलेखन लिहवून घेतले, पण ती हकीकत लिहून घेतली नाही. आज त्यांतील तीनच नावे आठवतात.

समाजातील तरुणांस एवढीच विनंती की, येत्या दिवाळीच्या सुटीत एक वही घ्यावी आणि घरातील वडीलधाऱ्यांपाशी बसावे. ओढ्यास पूर केव्हा येईल, हे कोणास सांगता येत नाही.