ओकची लागवड आणि इंग्लंडचे आरमार

इंग्लंडात ओक लावणे हे केवळ उद्यानविद्येचे काम नव्हते. आरमाराच्या निकडीतून जॉन एव्हलिनने १६६२ साली रॉयल सोसायटीपुढे मांडलेला निबंध १६६४ मध्ये ‘सिल्वा’ या ग्रंथाच्या रूपाने प्रसिद्ध झाला. ओकचे बी शरदात गळते व सुकताच निर्जीव होते. म्हणून ते ताजेच पेरावे लागते. ट्रफाल्गरचा सेनानी कॉलिंगवुड मॉर्पेथच्या घरी असता फिरावयास निघताना खिशात हे बी घेई व मोकळी जागा दिसेल तेथे पेरी. या छंदात भाबडेपणापेक्षा हिशेबच अधिक होता, असे आम्हांस वाटते. परंतु जहाजास योग्य लाकूड होण्यास शंभराहून अधिक वर्षे लागतात. ओकच्या टंचाईमुळे १८१७ साली ‘ट्रिंकोमाली’ ही युद्धनौका मुंबईत मलबारी सागाची बांधली गेली. १८६० मध्ये लोखंडी ‘वॉरियर’ पाण्यात उतरली, तेव्हा कॉलिंगवुडचे ओक जेमतेम साठ-सत्तर वर्षांचे होते.