हुकूमनामा आणि घराचे वासे

डिसेंबर 1874 मध्ये पुणे जिल्ह्याच्या शिरूर तालुक्यातील कर्डे या गावी एका देशमुखाचे राहते घर पाडण्यात आले. सावकाराने दिवाणी न्यायालयातून सुमारे दीडशे रुपयांचा हुकूमनामा मिळविला होता. त्याच्या बजावणीत घराचा लिलाव झाला, सावकारानेच ते घेतले आणि पाडून टाकले. यात कायद्याचा भंग कोठेच नव्हता. गावाला खुपले ते नेमके हेच. गावकऱ्यांनी सावकारांवर बहिष्कार घातला. हे लोण आसपासच्या गावांत पोहोचले आणि 12 मे 1875 रोजी सुपे येथील बाजारात सावकारांची खते व चोपड्या यांची होळी पेटली. माणसांच्या जिवापेक्षा कागदांवर रोष, हे या दंग्याचे वैशिष्ट्य होते.

पेशवाईत सावकार स्वस्थ बसत असे, असे मात्र नव्हे. त्याच्या हाती तगाद्याचे शस्त्र होते. ऋणकोच्या दारी धरणे धरून बसावयाचे, त्याचे जाणेयेणे आणि प्रसंगी जेवणखाणही अडवावयाचे, हा त्यातलाच प्रकार. एल्फिन्स्टनने पेशव्यांकडून जिंकलेल्या मुलखावरील अहवालात या तगाद्याची दखल घेतली आहे. पद्धत निष्ठुर खरी. पण धनको आणि ऋणको दोघांनाही त्याच गावात नांदावयाचे असल्याने तिला आपोआप मर्यादा पडत असे. साध्या कर्जापायी कुणब्याची जमीन विकून घेण्याची चाल तर फारशी रूढ नव्हतीच.

1859 साली दिवाणी कार्यपद्धतीचा कायदा झाला आणि ही मर्यादा सुटली. दावा लावावा, समन्स निघावे, निरक्षर कुणब्याने तालुक्याच्या गावी जाण्याचे टाळावे किंवा त्याला मजकूरच समजू नये आणि एकतर्फी हुकूमनामा व्हावा, हा नित्याचा क्रम झाला. त्याच वर्षीच्या मुदतीच्या कायद्याने साध्या खताला तीन वर्षांची मुदत घातली. हेतू ऋणकोच्या हिताचा; परिणाम उलटा. मुदत सरण्यापूर्वी सावकार खत बदलून घेई आणि थकलेले व्याज नव्या खतात मुद्दल म्हणून बसे. पुढे दरखास्त, बेलिफ, जप्ती आणि लिलाव!

दंग्याच्या चौकशी आयोगाने या साऱ्याचा छडा लावल्यावर 1879 चा दख्खन शेतकरी साहाय्य कायदा आला. तो पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांसाठी होता. पैशाच्या हुकूमनाम्यासाठी शेतकऱ्याला कैद करण्यास त्याने बंदी केली. जमीन खास गहाण दिलेली नसेल, तर तिची जप्तीही बंद झाली. न्यायाधीशाने केवळ खतावरील आकड्यावर न विसंबता व्यवहाराचा मूळ इतिहास तपासावा, असेही ठरले. सावकारांनी यातूनही वाट काढलीच: साध्या खताऐवजी ते गहाणखत किंवा वरकरणी खरेदीखत मागू लागले.

तरीही एक गोष्ट टिकली. 1882 च्या दिवाणी संहितेने शेतकऱ्याच्या राहत्या घराचे सामान जप्तीतून वगळले. 1908 च्या संहितेतील कलम 60 ही सूट अधिक स्पष्ट करते. अंगावरचे आवश्यक कपडे, स्वयंपाकाची भांडी, धर्माचाराप्रमाणे स्त्रीने उतरवू नयेत असे दागिने, कारागिराची हत्यारे, चरितार्थापुरती गुरे व बियाणे आणि शेतकऱ्याचे राहते घर यांना बेलिफाने हात लावावयाचा नाही. कर्ड्याचे घर या कलमाखाली वाचले असते.

धनकोची बाजू मात्र निराळी होती आणि तीही खोटी नव्हती. कर्ड्याच्या घटनेच्या दोनच वर्षे आधी, 1872 मध्ये, लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने एका निकालात म्हटले होते की, हिंदुस्थानातील पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा हाती पडल्यावरच सुरू होतात. शेतकऱ्याविरुद्ध झटपट धावणारी बजावणी ऐपतदार ऋणकोच्या हरकतींपुढे वर्षानुवर्षे अडून राही. हे दुखणे इंग्रजांबरोबर गेले नाही. 2021 मध्ये सर्वोच्च न्यायालयाला असा आदेश द्यावा लागला की, दरखास्त दाखल झाल्यापासून सहा महिन्यांत निकाली काढावी आणि विलंब झाल्यास त्याची कारणे लिहून ठेवावीत.