पाचव्या तत्त्वाचं दुसरं आयुष्य

नववीतल्या एका मुलीने मागच्या वर्षी माझ्यापुढे वर्तमानपत्राचं कात्रण ठेवलं. विश्वाच्या प्रसरणावरचा लेख होता. एका ओळीखाली तिने पेन्सिलीने रेघ मारली होती : ‘कृष्ण ऊर्जा अर्थात क्विंटेसन्स’. म्हणाली, "टीचर, डार्क एनर्जीला उर्दूत तारीक तवानाई म्हणतात, हे सायन्सच्या सरांनी सांगितलं. मग या क्विंटेसन्सला काय म्हणायचं?"

मी भाषा शिकवते, खगोलशास्त्र नाही. "उद्या सांगते" म्हटलं आणि अडकले. तो ‘उद्या’ यायला दोन आठवडे लागले. शब्दकोशात ‘सार’, ‘अर्क’, ‘जौहर’, ‘लुब्ब-ए-लुबाब’ असे पर्याय मिळाले, पण एकही त्या वाक्यात बसेना. त्यातच शिक्षकांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर चार दिवसांच्या अंतराने दोन मेसेज आले. एकात लिहिलं होतं की पाश्चात्त्यांना आज सापडलेलं पाचवं तत्त्व आपल्या पंचमहाभूतांत आधीच आहे. दुसऱ्यात तोच दावा मुसलमान हुकमांच्या नावाने. दोन्ही पाठवणारे एकाच स्टाफरूममध्ये समोरासमोर बसतात, हे विशेष. दोघांनीही तो शब्द कुठून आला आणि आज कशासाठी वापरतात, हे पाहिलेलं नव्हतं.

क्विंटेसन्स हा मूळ लॅटिन शब्द. क्विंटा म्हणजे पाचवी, एसेन्शिया म्हणजे सत्त्व किंवा प्रकृती. कल्पना मात्र त्याहून जुनी, ॲरिस्टॉटलची, इसवी सनापूर्वी चौथ्या शतकातली. त्याच्या हिशेबाने पृथ्वीवरच्या सगळ्या वस्तू माती, पाणी, हवा आणि अग्नी या चारांच्या बनलेल्या. आपण ज्यांना अनासिर-ए-अरबा म्हणतो तीच ही चार. माती आणि पाणी खाली जातात, हवा आणि अग्नी वर. म्हणजे चौघांची स्वाभाविक चाल सरळ रेषेत. पण आकाशातले तारे तर गोल फिरताना दिसतात. तेव्हा ते या चारांचे असूच शकत नाहीत, त्यांचा पदार्थ पाचवा असला पाहिजे. तो जड नाही, हलका नाही, जन्मत नाही, नासत नाही आणि बदलत नाही. यातला ‘बदलत नाही’ हा गुण लक्षात ठेवावा. पुढे सगळी गंमत त्याचीच आहे.

इथेच पहिल्या मेसेजचा घोटाळा दिसतो. भारतीय पंचमहाभूतांतलं आकाश आणि ग्रीकांचा ईथर हे क्रमांकाने पाचवे असले तरी एक नव्हेत. आपल्याकडच्या आकाशाचा गुण शब्द, म्हणजे ध्वनी, आणि ते सर्वत्र आहे, तुमच्या माझ्या मधल्या जागेतही. ॲरिस्टॉटलचा ईथर चंद्राच्या खाली कधीच उतरत नाही. शिवाय भारतात सगळ्यांनीच पाच मोजले असंही नाही. चार्वाक चारांवर थांबले होते.

दुसऱ्या मेसेजकडे वळायला मला बगदादला जावं लागेल. नवव्या शतकात इब्न अल-बितरीकने ॲरिस्टॉटलचा आकाशावरचा ग्रंथ अरबीत आणला. त्याच काळात अल-किंदीने एक स्वतंत्र रिसालाच लिहिला : आकाशगोलाची प्रकृती चार अनासिरांहून वेगळी आहे, हे दाखवणारा. अरबीत या पाचव्या प्रकृतीला ‘तबीआ ख़ामिसा’ म्हणू लागले, आणि ग्रीक ईथरचं झालं ‘असीर’. (माझ्या उर्दूच्या मुलांसाठी : हा असीर ‘से’ने लिहायचा. ‘सीन’ने लिहिला तर अर्थ कैदी होतो. देवनागरीत दोघे एकच दिसतात, तो देवनागरीचा दोष नाही.)

तेव्हा, आपल्या हुकमांनी पाचवं तत्त्व मांडलं होतं का? हो, ग्रीकांकडून घेऊन मांडलं. पण मला त्या इतिहासातलं जे पान अधिक मोलाचं वाटतं ते मांडणाऱ्याचं नाही, शंका घेणाऱ्याचं आहे. सन १०००च्या आसपास अल-बिरूनीने इब्न सीनाला प्रश्नांची एक यादी पाठवली. बिरूनी तेव्हा पंचविशीच्या आसपास, इब्न सीना त्याहूनही लहान. त्यातले दहा प्रश्न ॲरिस्टॉटलच्या याच ग्रंथावर होते. पहिलाच प्रश्न : आकाशगोलाला जडपणा किंवा हलकेपणा नाही, हे ॲरिस्टॉटल कशावरून म्हणतो? तो गोल फिरतो एवढ्याने ते सिद्ध होत नाही. दुसरा प्रश्न तर आजही आपल्या ग्रुपवर टाकण्यासारखा आहे. आकाश बदलत नाही याचा पुरावा म्हणून ॲरिस्टॉटल जुन्या लोकांची साक्ष काढतो, कारण त्यांनी जसं पाहिलं तसंच ते आजही आहे. बिरूनीचं म्हणणं असं की पर्वतांबद्दलही जुने लोक हेच सांगत आले, म्हणून पर्वत बदलत नाहीत असं आपण मानतो का? इब्न सीनाने उत्तरं दिली आणि ॲरिस्टॉटलची बाजू राखली. बिरूनीचं समाधान झालं नाही, त्याने उलट हरकती घेतल्या. मग इब्न सीनाचा शागीर्द मासूमी उत्तरांना बसला. पत्रव्यवहार बराच तिखट आहे. शाळेत बिरूनी आम्हाला ‘हिंदुस्तानवर किताब लिहिणारा मुसाफिर’ एवढाच शिकवला होता.

युरोपात हा शब्द आकाशातून खाली आला तो दारूच्या भट्टीमुळे. चौदाव्या शतकात रुपेसिसाचा जॉन नावाचा एक फ्रान्सिस्कन साधू होता. पोपच्या कैदेत असताना त्याने लिहिलं की द्राक्षाची दारू पुन्हा पुन्हा गाळली की जो अर्क उरतो तो सडत नाही, आणि त्यात ठेवलेलं मांसही सडत नाही. न नासणं हा तर आकाशाचा गुण, म्हणजे हे पृथ्वीवरचं पाचवं सत्त्व. तिथून क्विंटेसन्सचा अर्थ झाला ‘गाळून गाळून उरलेला शुद्ध अंश’. आज इंग्रजीत रोजच्या बोलण्यात चालतो तो हाच अर्थ. मराठीने अरबी ‘अरक’वरून अर्क घेतला आणि त्याला आणखी पुढे नेलं. वर्गातल्या सर्वांत खोडकर मुलाला आपण "एक नंबरचा अर्क आहे" म्हणतो, तेव्हा तोही एका अर्थी क्विंटेसन्सच.

मूळ कल्पना मात्र मोडून पडली. १५७२मध्ये आकाशात एक नवा तारा उजळला आणि टायको ब्राहेने दाखवलं की तो चंद्राच्या खूप पलीकडे आहे. १५७७चा धूमकेतूही तसाच पलीकडचा निघाला. म्हणजे वर बदल होतात. बिरूनीच्या शंकेनंतर पावणेसहाशे वर्षांनी पुरावा आला. एकोणिसाव्या शतकात प्रकाशलहरींचं माध्यम म्हणून ईथर पुन्हा उभा राहिला, आणि मायकेलसन व मोर्ली यांच्या १८८७च्या प्रयोगानंतर हळूहळू तोही गेला.

आता १९९८. फार दूरच्या एका विशिष्ट जातीच्या सुपरनोव्हांचा प्रकाश दोन वेगवेगळे गट मोजत होते. विश्वाचं प्रसरण गुरुत्वाकर्षणामुळे मंदावत असणार, ते किती मंदावतंय हे त्यांना पाहायचं होतं. ते सुपरनोव्हा अपेक्षेपेक्षा अंधुक, म्हणजे अधिक दूर निघाले. प्रसरण मंदावत नव्हतं, वेग घेत होतं. पर्लमटर, श्मिट आणि रीस यांना यासाठी २०११चं नोबेल मिळालं. हा वेग ज्यामुळे येतो त्याला मायकेल टर्नर यांनी नाव दिलं डार्क एनर्जी, म्हणजे कृष्ण ऊर्जा. विश्वाच्या एकूण ऊर्जेपैकी सुमारे ६८ टक्के वाटा तिचा. हे नाव म्हणजे एका प्रश्नाचं नाव आहे, उत्तराचं नव्हे.

उत्तरं अनेक सुचवली गेली. सर्वांत साधं आइन्स्टाइनच्या १९१७च्या समीकरणात पडून होतं : विश्वस्थिरांक, ग्रीक अक्षर लॅम्डा. रिकाम्या जागेचीच ऊर्जा, सगळीकडे सारखी, कायम तेवढीच. निरीक्षणांशी ते जुळतं. अडचण अशी की पुंजभौतिकीच्या ढोबळ हिशेबाने ही ऊर्जा जितकी असायला हवी, तितकी ती नाही. फरक एकावर १२० शून्ये इतका येतो. एवढी चूक माझ्या सहावीच्या मुलांनीही कधी केली नाही.

दुसरं उत्तर : ती ऊर्जा स्थिर नाहीच. सगळीकडे पसरलेलं एक क्षेत्र आहे. खोलीत प्रत्येक ठिकाणी तापमानाचा एक आकडा असतो, तसं अवकाशात प्रत्येक ठिकाणी या क्षेत्राचं एक मूल्य. ते मूल्य काळाबरोबर हळूहळू उतरत जातं, उतारावरून संथ घरंगळणाऱ्या चेंडूसारखं. ही कल्पना १९८८मध्येच आली होती. एकीकडे जर्मनीचे वेटरिख, ज्यांनी ‘कॉस्मॉन’ असा शब्द वापरला, आणि दुसरीकडे भारतीय वंशाचे भारत रात्रा व त्यांचे ज्येष्ठ सहकारी पीबल्स. नाव दहा वर्षांनी पडलं. १९९८मध्ये कॉल्डवेल, राहुल दवे आणि स्टाइनहार्ट यांनी या क्षेत्राला म्हटलं क्विंटेसन्स. साधं द्रव्य, प्रारण, न्यूट्रिनो आणि कृष्णद्रव्य हे विश्वातले चार घटक धरले तर हा पाचवा. मोजणी थोडी सोयीची आहे, हे कबूल. शिवाय शब्द आधी उष्टा झालेला होता. लॉरेन्स क्रॉस यांनी १९८९च्या पुस्तकाच्या नावात ‘पाचवं सत्त्व’ वापरलं होतं, तेही कृष्णद्रव्यासाठी!

म्हणून त्या कात्रणातला ‘अर्थात’ चुकीचा. कृष्ण ऊर्जा ही जागा आहे आणि क्विंटेसन्स त्या जागेसाठीचा एक उमेदवार. "चोर अर्थात शेजारचा" म्हणण्यासारखं झालं ते. दोन्ही मेसेजही इथेच कोसळतात. जुनं पाचवं तत्त्व न बदलणारं होतं, तीच त्याची ओळख होती. नवं पाचवं तत्त्व बदलतं, म्हणूनच तर त्याला लॅम्डाहून वेगळं नाव द्यावं लागलं. आजच्या वादात न बदलणारा पक्ष लॅम्डाचा आहे. ॲरिस्टॉटल आज असता तर क्विंटेसन्सच्या विरोधात मत देता.

हा फरक शास्त्रज्ञ एका आकड्यात पकडतात. दाब आणि ऊर्जेची घनता यांच्या गुणोत्तराला ते डब्ल्यू म्हणतात. लॅम्डासाठी तो नेहमी उणे एक. क्विंटेसन्ससाठी उणे एकाच्या थोडा वर आणि काळानुसार सरकणारा. उणे एक तृतीयांशाच्याही वर गेला तर प्रसरणाला वेग येतच नाही. आणि उणे एकाच्या खाली? त्यासाठी कॉल्डवेल यांनी ‘फँटम’, म्हणजे भूत, हा शब्द आणला. १९९९च्या ‘स्टार वॉर्स’ चित्रपटाच्या नावावर कोटी करून! ती भुताटकी खरी असेल तर शेवटी दीर्घिका, तारे, अणूसुद्धा फाटतील. काही काळ खाली आणि काही काळ वर असणाऱ्या क्षेत्राला चिनी संशोधकांनी नाव दिलं ‘क्विंटम’, क्विंटेसन्स अधिक फँटम. मुद्रितशोधक त्याचं क्वांटम करून टाकतील याची मला खात्री आहे.

या सगळ्यात एक मराठी नावही येतं. जयंत नारळीकर आणि फ्रेड हॉईल यांनी १९६०च्या दशकात स्थिर स्थिती विश्वासाठी ‘सी-क्षेत्र’ मांडलं होतं. तेही अदिश क्षेत्र, ऋण ऊर्जेचं. त्या सिद्धांतात विश्वाचं प्रसरण वेग घेणारंच होतं. सिद्धांत इतर कारणांनी मागे पडला. नारळीकर २०२५च्या मे महिन्यात गेले, पण "आम्ही आधीच सांगितलं होतं" असा मेसेज त्यांच्या नावाने कुणी पाठवला नाही. खरं तर त्या रांगेत त्यांचा हक्क बाकीच्यांपेक्षा जास्त होता.

मुलीने आणलेला लेख ज्या बातमीवर होता ती मार्च २०२५ची. अमेरिकेत ॲरिझोनातल्या एका दुर्बिणीवर डेसी नावाचं उपकरण आहे. ते एका वेळी पाच हजार प्रकाशतंतूंनी दीर्घिकांचा प्रकाश घेतं. सुमारे दीड कोटी दीर्घिका आणि क्वेसार यांच्या नकाशातून असा इशारा मिळाला की कृष्ण ऊर्जा काळानुसार क्षीण होत असावी. इतर मोजमापं जोडली तर या इशाऱ्याची ताकद २.८ ते ४.२ सिग्मा भरते. शोध लागला असं म्हणायला पाच लागतात. त्यातही एक तिढा आहे. आकडे जसेच्या तसे घेतले तर डब्ल्यू पूर्वी उणे एकाच्या खाली होता आणि नंतर वर आला. साधं क्विंटेसन्स ती रेघ ओलांडू शकत नाही. म्हणजे लॅम्डा डळमळला तरी गादी क्विंटेसन्सला मिळेलच असं नाही.

दोन आठवड्यांनी मुलीला एवढं सगळं सांगितलं, अर्थात थोडक्यात. तिला बिरूनीची पत्रं आवडली, फँटम त्याहून जास्त. मी दोन शब्द सुचवले : उर्दूत ‘जौहर-ए-ख़ामिस’, मराठीत ‘पंचम सत्त्व’. तिने दोन्ही वहीत लिहिले, जरा पाहिलं आणि म्हणाली, "टीचर, यावरून तर ते बदलतं हे कळतच नाही." बरोबर होतं तिचं. मग तिने दोन्ही खोडून उर्दू लिपीत सरळ ‘क्विंटेसन्स’ लिहिलं, बडा क़ाफ़ घालून. मी तेवढा क़ाफ़ खोडून छोटा काफ़ केला.